मिठागरातील तिवर : मानखुर्द व ठाणे खाडी परिसरातील परित्यक्त मिठागरांचा ऐतिहासिक अभ्यास

बीजसंज्ञा : मिठागर, खाजण, आगरी समाज, तिवर, ठाणे खाडी, मानखुर्द, औद्योगिक इतिहास, पर्यावरणीय इतिहास.

प्रस्तावना

औद्योगिक इतिहासाचे लेखन बहुधा उद्योगाच्या स्थापनेपासून सुरू होते आणि उद्योग बंद पडला की संपते. उत्पादन थांबल्यानंतर त्या वास्तूचे व त्या जमिनीचे पुढे काय झाले, हा प्रश्न इतिहासाच्या कक्षेबाहेरचा मानला जातो. तो प्रश्न वनस्पतिशास्त्राकडे, नगररचनेकडे किंवा न्यायालयाकडे सोपविला जातो. वास्तविक, उद्योग बंद पडल्यानंतरचा काळही इतिहासाचाच भाग असतो. ओस पडलेल्या भिंतीवर उगवलेले झाड हे त्या काळाचे एक साधन होय. ते झाड किती वर्षांचे आहे, ते नेमके कोठे उगवले आणि शेजारी का उगवले नाही, या प्रश्नांची उत्तरे निसर्गात जितकी सापडतात तितकीच माणसांच्या निर्णयांतही सापडतात.

मुंबईतील बंद उद्योगांचा विचार करताना गिरणगाव चटकन डोळ्यांसमोर येते. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख गिरणी कामगार सहभागी झाले. त्यानंतर अनेक गिरण्या कायमच्या थंडावल्या आणि त्यांच्या भिंतींच्या सांध्यांतून पिंपळ व उंबर डोकावू लागले. मात्र मुंबईत गिरण्यांहूनही जुना एक उद्योग होता आणि त्याचा विस्तारही गिरण्यांच्या आवारांपेक्षा मोठा होता. तो म्हणजे मिठाचा उद्योग. शहराच्या पूर्व किनाऱ्यावर, वडाळ्यापासून मानखुर्दमार्गे मुलुंडपर्यंत, ठाणे खाडीच्या काठाने मिठागरे पसरलेली होती. त्यांपैकी पुष्कळशी आज बंद आहेत. त्यांतील काहींवर तिवरांचे दाट वन उभे राहिले आहे, तर काही अद्याप उघडीबोडकी पडली आहेत. या दोन स्थितींमधील फरकाचा शोध घेणे हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

अभ्यासाची उद्दिष्टे

१. मिठागर ही एक औद्योगिक वास्तू आहे या दृष्टीने तिच्या रचनेचे व श्रमव्यवस्थेचे स्वरूप समजून घेणे.
२. मानखुर्द व ठाणे खाडी परिसरातील मिठागरांच्या ऱ्हासाची कारणे तपासणे.
३. परित्यक्त मिठागरांवर तिवरांचे वन निर्माण होण्याच्या प्रक्रियेचा ऐतिहासिक अर्थ लावणे.
४. ‘ओसाड जमीन’ या प्रशासकीय संकल्पनेची चिकित्सा करणे.

परिसराची ओळख

आजचे मानखुर्द हे हार्बर रेल्वेमार्गावरील मुंबईचे टोकाचे स्थानक आहे. येथून पुढे गाडी खाडीपूल ओलांडून वाशीला जाते. खाडीवरील पहिला रस्तापूल १९७३ मध्ये वाहतुकीस खुला झाला आणि १९९२ मध्ये मानखुर्द-वाशी रेल्वेसेवा सुरू झाली. त्यापूर्वीचे मानखुर्द हे तुर्भे, म्हणजेच ट्रॉम्बे या बेटावरील गाव होते. मंडाले, देवनार, बोर्ला, माहुल, आणिक ही त्याच परिसरातील शेजारची गावे. हे बेट साष्टीपासून खाजणाने विभागलेले होते. खाजण म्हणजे भरतीच्या पाण्याखाली जाणारी आणि ओहोटीला उघडी पडणारी चिखलाची जमीन. ती पूर्णपणे जमीनही नव्हे आणि पूर्णपणे पाणीही नव्हे. या परिसराचा पुढील इतिहास या दुहेरी स्वरूपातूनच घडत गेला.

शहराला जे नकोसे होते ते शहराने या दिशेला ढकलले, असे विसाव्या शतकाकडे पाहता दिसून येते. १९२७ पासून देवनारच्या खाडीकाठी शहराचा कचरा टाकण्यास आरंभ झाला. १९७१ मध्ये देवनारचा पशुवधगृह प्रकल्प कार्यान्वित झाला. २००० नंतरच्या दशकात रेल्वेमार्ग व रस्ते प्रकल्पांत विस्थापित झालेल्या झोपडीवासीयांचे मानखुर्दच्या लल्लूभाई कंपाउंडसारख्या वसाहतींत पुनर्वसन करण्यात आले. २००९ च्या मुंबई मानव विकास अहवालात मानखुर्द ज्या एम-पूर्व विभागात मोडते त्या विभागाचा मानव विकास निर्देशांक शहरात सर्वांत खालचा, ०.०५ इतका नोंदविला गेला. परित्यक्त मिठागरांची चर्चा करताना ही पार्श्वभूमी नजरेआड करता येत नाही. येथे एका बाजूला खाडी व तिवर आहेत, तर दुसऱ्या बाजूला घरासाठी जागा शोधणारी माणसे आहेत.

मिठागर : एक बांधलेली वास्तू

मिठागराला छप्पर नसते, धुरांडे नसते, यंत्रांचा आवाज नसतो. त्यामुळे पाहणाऱ्यास ते मोकळे मैदान वाटते. प्रत्यक्षात ते काटेकोरपणे बांधलेली वास्तू असते. बाहेरचा मोठा बांध ही तिची भिंत आणि खाडीच्या तोंडाशी असलेली उघाडी हे तिचे दार. उधाणाच्या भरतीला उघाडीतून खाडीचे पाणी साठवणीच्या तळ्यात घेतले जाते आणि ओहोटी लागण्यापूर्वी दार बंद केले जाते. तेथून ते पाणी उतरत्या पातळीवरील उथळ तळ्यांतून क्रमाक्रमाने पुढे सोडले जाते. ऊन व वारा यांच्यामुळे ते आटत जाते आणि त्यातील क्षारांचे प्रमाण वाढत जाते. समुद्राच्या पाण्याची तीव्रता बोमे मापकावर सुमारे तीन अंश भरते, तर मिठाचे स्फटिक धरू लागण्यासाठी ती पंचवीस अंशांच्या आसपास यावी लागते. हा प्रवास पूर्ण झाल्यावर पाणी शेवटच्या लहान वाफ्यांत घेतले जाते व तेथे मीठ तयार होते.

या वाफ्यांचा तळ पायांनी तुडवून घट्ट करावा लागतो. अन्यथा पाणी झिरपून जाते आणि मिठात चिखल मिसळतो. तयार मीठ फावड्यासारख्या लाकडी अवजाराने ओढून बांधावर त्याचे ढीग लावले जातात. तासन्‌तास खाऱ्या पाण्यात उभे राहिल्याने मजुरांच्या पायांना भेगा व जखमा होत. पावसाळा संपताच बांधांची डागडुजी सुरू होई. वाहून गेलेली माती पुन्हा चढविणे, उघाडीच्या फळ्या बदलणे, तळाचा गाळ उपसणे, उगवलेले गवत व रोपे काढणे ही कामे दोन-तीन महिने चालत. त्यानंतर उन्हाळ्याच्या अखेरीपर्यंत मीठ निघे आणि पुढील पावसात बांधांची पुन्हा झीज होई.

म्हणजेच मिठागर एकदा बांधले आणि टिकले, असे होत नसे. ते दरवर्षी नव्याने बांधावे लागे. दगडी गिरणी बंद पडली तरी तिची भिंत अनेक दशके उभी राहते. मिठागराची भिंत मात्र मातीची असल्याने ती माणसाच्या वार्षिक श्रमावर उभी असते. हा फरक पुढील विवेचनासाठी महत्त्वाचा आहे.

या श्रमाशी कोकण किनाऱ्यावरील एका संपूर्ण समाजाचे नाव निगडित आहे. ‘आगर’ म्हणजे मीठ पिकविण्याची जागा, आणि त्यावरून आगरी हे नाव रूढ झाल्याचे सर्वसाधारणपणे मानले जाते. मीठ व खाऱ्या जमिनीतील भात ही आगरी समाजाच्या उपजीविकेची दोन प्रमुख साधने होती. बांध घालून भरतीपासून मिळविलेल्या जमिनीच्या धारणापद्धतीस ‘शिलोत्री’ अशी संज्ञा होती आणि मिठागरांच्या मालकीसंबंधीच्या वादांत ही संज्ञा आजही आढळते. १८८२ साली प्रसिद्ध झालेल्या ठाणे जिल्ह्याच्या गॅझेटिअरमध्ये या उद्योगाचे सविस्तर वर्णन आहे. पुढील काळात आगरी कुटुंबे अन्य व्यवसायांकडे वळू लागली, तसतसे मुंबईच्या मिठागरांत डहाणू, तलासरी व दक्षिण गुजरात या भागांतील हंगामी मजूर येऊ लागले.

मीठ, महसूल आणि सत्ता

मिठागरांच्या जमिनीचा प्रश्न आज इतका गुंतागुंतीचा का आहे, हे समजण्यासाठी मिठावरील सरकारी नियंत्रणाचा इतिहास पाहणे आवश्यक आहे. १८३७ च्या कायद्याने मुंबई इलाख्यात मिठावर मणामागे आठ आणे कर बसविण्यात आला. १८४४ मध्ये करवाढीविरुद्ध सुरतेत मोठा उद्रेक झाला. पुढे १८७३ व १८९० च्या मुंबई मीठ कायद्यांनी उत्पादन, साठवण व वाहतूक या तिन्ही टप्प्यांवर सरकारी देखरेख घट्ट केली. परवान्याशिवाय मीठ तयार करणे हा गुन्हा ठरला. भरतीचे पाणी खळग्यात आपोआप आटून तयार झालेले मीठही उचलण्याची मुभा राहिली नाही.

१९३० च्या सविनय कायदेभंगात मुंबई परिसरातील मिठागरे राजकीय संघर्षाचे केंद्र बनली. वडाळ्याच्या मीठ डेपोवर मे महिन्यात वारंवार मोर्चे गेले. १ जून १९३० रोजी तेथे सुमारे पंधरा हजारांचा जमाव लोटला आणि पोलिसांचा लाठीमार सोसून अनेकांनी मीठ उचलून नेले. तत्कालीन रत्नागिरी जिल्ह्यातील शिरोडा येथील सत्याग्रहही याच सुमारास झाला. १ एप्रिल १९४७ पासून मीठकर रद्द झाला. कर गेला, परंतु मिठाचे खाते कायम राहिले. राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीतील संघसूचीत मीठ हा विषय ५८ व्या क्रमांकावर समाविष्ट झाला. परिणामी मिठागरांच्या बहुतांश जमिनींवर केंद्र सरकारच्या मीठ आयुक्तांचा दावा, काही जमिनींवर राज्य सरकारचा दावा, तर काहींवर शिलोत्री हक्कदार व पट्टेदारांचा दावा अशी स्थिती निर्माण झाली.

मुंबईतील मिठागरांच्या जमिनीचे एकूण क्षेत्र सुमारे ५,३०० एकर सांगितले जाते. वडाळा, आणिक, चेंबूर, तुर्भे, मंडाले, घाटकोपर, कांजूर, नाहूर, भांडुप, मुलुंड अशा अनेक गावांच्या हद्दींत ते विखुरलेले आहे.

ऱ्हासाची कारणे

मिठागरे एका दिवसात बंद पडली नाहीत. गिरणी संपासारखी एखादी ठळक तारीख त्यांच्या इतिहासात सापडत नाही. म्हणूनच कदाचित त्यांच्या अंताची नोंद फारशी झाली नसावी. या ऱ्हासामागे पुढील कारणे एकत्रितपणे कार्यरत होती.

पहिले कारण हवामान व स्पर्धा यांचे होय. मुंबईत वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो, त्यामुळे मीठ पिकविण्याचा हंगाम आखूड असतो. कच्छ व सौराष्ट्रात पाऊस अल्प असल्याने तेथील हंगाम दीर्घ चालतो. आज देशातील मिठापैकी तीन-चतुर्थांशाहून अधिक मीठ एकट्या गुजरातमध्ये तयार होते. रेल्वेने स्वस्तात येणाऱ्या या मिठासमोर मुंबईच्या मिठाचा टिकाव लागणे कठीण होते.

दुसरे कारण पाण्याच्या प्रदूषणाचे. मिठागराचा कच्चा माल म्हणजे खाडीचे पाणी. पूर्व उपनगरांत वस्ती व कारखाने वाढले, तुर्भ्याला १९५४-५५ पासून तेलशुद्धीकरण कारखाने उभे राहिले, आणि घाटकोपर-भांडुपकडील सांडपाणीही खाडीतच जाऊ लागले. पाणी गढूळ व अशुद्ध झाले की मिठाचा दर्जा घसरतो, आणि ते खाण्यासाठी न जाता औद्योगिक वापरासाठी कमी भावाने विकावे लागते.

तिसरे कारण आयोडीनयुक्त मिठाच्या धोरणाचे. खाण्यासाठी आयोडीनविरहित मीठ विकण्यावरील देशव्यापी बंदी २००० मध्ये उठविण्यात आली होती, ती २००६ पासून पुन्हा अमलात आली. गलगंडासारख्या विकारांच्या प्रतिबंधासाठी हे धोरण उपयुक्तच होते. तथापि आयोडीन मिसळण्याची यंत्रणा नसलेल्या लहान मिठागरांचा खाद्य मिठाचा बाजार त्यामुळे संकुचित झाला.

चौथे कारण जमिनीच्या किमतीचे. मिठाच्या एका हंगामातून मिळणारे उत्पन्न आणि त्याच जमिनीचा बाजारभाव यांच्यातील अंतर इतके वाढले की, मीठ पिकविण्यापेक्षा वाट पाहणे अधिक लाभाचे ठरू लागले. पट्ट्याचा वाद न्यायालयात असताना बांधाच्या दुरुस्तीवर खर्च करण्यास कोणीही तयार नसते. मिठागर ओस पडण्यास एवढे पुरेसे होते. ते मोडण्यासाठी कोणालाही काही करावे लागले नाही, केवळ काही करणे थांबवावे लागले.

तिवरांचे आगमन

डागडुजी थांबल्यानंतर काय घडते, हे क्रमाने पाहता येते. ठाणे खाडीत सर्वांत अधिक आढळणारे कांदळवनातील झाड म्हणजे तिवर. त्याची फळे पावसाळ्यात पिकतात. ती झाडावर असतानाच आतील गर्भ वाढू लागलेला असतो, त्यामुळे पाण्यावर तरंगत जाऊन चिखल मिळताच ती लवकर मूळ धरतात. चालू मिठागरात अशी रोपे येतच असत, परंतु पावसाळ्यानंतरच्या साफसफाईत ती उपटून टाकली जात. ज्या वर्षी ही साफसफाई झाली नाही, त्या वर्षीची रोपे रुजली. पुढील वर्षी त्यांना उपटणे अधिक अवघड झाले. त्यानंतर ती झाडे झाली. या अर्थाने तिवरांच्या वनाचे वय हे न झालेल्या दुरुस्तीचे वय असते.

त्यासाठी एक अट मात्र पूर्ण व्हावी लागते. भरतीचे पाणी नियमितपणे आत आले पाहिजे. उघाडीच्या फळ्या कुजल्या किंवा बांधाला भगदाड पडले की दिवसातून दोनदा भरती आत शिरते, साचलेला क्षार धुऊन निघतो, गाळाचा थर बसतो आणि बीज आत येते. प्रथम मोरसासारख्या क्षारप्रिय बुटक्या वनस्पती दिसू लागतात व त्यापाठोपाठ तिवर येते. चिखलातून वर डोकावणारी तिवराची श्वसनमुळे गाळ अडवून धरतात आणि तळ उंचावू लागतो. जुन्या वाफ्यांच्या रेषा काही वर्षे झाडांच्या रांगांमधून ओळखू येतात, पुढे त्याही बुजतात. सांडपाण्यातून येणारा गाळ व पोषक द्रव्ये या वाढीस हातभारच लावतात. तिवर मुळांवाटे शोषलेला क्षार पानांवाटे बाहेर टाकते. जेथे मीठ पिकत होते तेथेच ते तग धरू शकते, ते या गुणामुळे.

याउलट जेथे बांध अभंग राहिला आणि उघाडी बंदच राहिली, तेथे तिवर आले नाही. तेथील तळ उन्हाळ्यात तडकतो आणि पावसाळ्यात त्यावर गोड्या पाण्याचे उथळ तळे साचते. बांधावर विलायती बाभूळ माजते. अशा उघड्या तळ्यांत शेकाट्या, तुतवार व बगळे उतरतात. भरतीच्या वेळी खाडीतील चिखलपट्टे पाण्याखाली गेले की पाणपक्ष्यांना विसाव्यासाठी अशा जागांचाच आधार असतो. म्हणजे झाडे नसलेले मिठागरही निर्जीव नसते.

वरील वर्णनावरून एक गोष्ट स्पष्ट होते. एकाच खाडीच्या काठी, एकाच हवामानात, शेजारी शेजारी असलेल्या दोन मिठागरांपैकी एकावर वन आणि दुसऱ्यावर तडकलेला चिखल असेल, तर त्याचे कारण केवळ निसर्गात नसते. त्याचे कारण उघाडीत असते, आणि उघाडी कोणी, केव्हा व का सोडून दिली यात असते. ‘निसर्गाने आपली जमीन परत घेतली’ हे विधान आकर्षक आहे, परंतु अपुरे आहे. निसर्ग तेथेच परत येऊ शकला, जेथे माणसाने दार उघडे टाकले.

गिरणीची भिंत आणि मिठागराचा बांध

या प्रक्रियेची तुलना बंद गिरण्यांशी करणे उद्बोधक ठरेल. मानखुर्दला जाणारा हार्बर मार्ग कुर्ला-चुनाभट्टी परिसरातून जातो. तेथील स्वदेशी मिल हे त्याच मार्गावरील उदाहरण होय. जमशेटजी टाटा यांनी १८८६ मध्ये कुर्ल्याची धरमसी मिल विकत घेऊन तिचे स्वदेशी मिल असे नामकरण केले. ही गिरणी २००० मध्ये बंद पडली आणि तिच्या अवसायनाचे प्रकरण दीर्घकाळ न्यायालयात राहिले. बंद वास्तूंच्या भिंतींवर पक्ष्यांच्या विष्ठेतून वड, पिंपळ व उंबर यांचे बी पडते. चुन्याच्या सांध्यात ते रुजते आणि मुळे भिंत फोडू लागतात. तेथेही झाडाचे वय हे प्रलंबित निर्णयाचे वय असते. कामगारांची देणी, धनकोंचे दावे व जमिनीचा वापर यांचा निकाल लागेपर्यंत झाडाला वेळ मिळतो.

तथापि एक भेद आहे. गिरणीवरील पिंपळास कायद्याने जमिनीचा दर्जा बदलण्याची शक्ती नाही. ७ मार्च २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने गिरण्यांच्या जमिनींच्या विकासाचा मार्ग मोकळा केल्यानंतर भिंती पडल्या आणि त्यांबरोबर झाडेही गेली. मिठागरातील तिवराची गोष्ट निराळी आहे.

कायद्याच्या दृष्टीतून

१९९१ च्या किनारपट्टी नियमन अधिसूचनेने कांदळवनांना संवेदनशील क्षेत्राचा दर्जा दिला. ६ ऑक्टोबर २००५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने राज्यभर कांदळवनांची तोड थांबविण्याचा आणि त्यांच्याभोवती ५० मीटरच्या पट्ट्यात बांधकाम न करण्याचा आदेश दिला. सरकारी मालकीच्या जमिनीवरील कांदळवन संरक्षित वन म्हणून घोषित करण्याचा मार्गही त्यातून खुला झाला. २०१२ मध्ये राज्य वनविभागात स्वतंत्र कांदळवन कक्ष स्थापन झाला. १७ सप्टेंबर २०१८ च्या अंतिम निर्णयात उच्च न्यायालयाने कांदळवनांचा नाश हा नागरिकांच्या जीविताच्या मूलभूत हक्कावरील आघात असल्याचे नमूद केले. दरम्यान ६ ऑगस्ट २०१५ रोजी ठाणे खाडीतील १,६९० हेक्टर क्षेत्र रोहित पक्षी अभयारण्य म्हणून अधिसूचित झाले आणि २०२२ मध्ये त्यास रामसर स्थळाचा आंतरराष्ट्रीय दर्जा लाभला.

याच काळात दुसऱ्या बाजूने एक विसंगतीही निर्माण झाली. २०१७ च्या पाणथळ जागा नियमांनी मीठ-उत्पादनासाठी मुद्दाम निर्माण केलेले जलसाठे ‘पाणथळ’ या व्याख्येतून वगळले. म्हणजे ज्या मिठागराचा बांध फुटला व ज्यात तिवर आले, ते वन ठरू शकते. ज्याचा बांध शाबूत राहिला, ते पाणथळही ठरत नाही. पावसाचे पाणी साठवण्याचे व पक्ष्यांना आश्रय देण्याचे कार्य ते करीत असले तरी कायद्याच्या दृष्टीने ते रिकामे असते. साहजिकच ज्यास जमीन रिकामी ठेवावयाची आहे, त्याच्या दृष्टीने भरतीचे पाणी आत न येऊ देणे हिताचे ठरते. खाडीचे प्रवाह राडारोडा टाकून अडविल्याच्या तक्रारी पूर्व किनाऱ्यावर वेळोवेळी झाल्या आहेत. त्यांचा अर्थ या पार्श्वभूमीवर उलगडतो. शंभर वर्षांपूर्वी उघाडी बंद करण्याचे कारण मीठ हे होते. आज कारण बदलले आहे.

‘ओसाड’ या शब्दाची चिकित्सा

२६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझ वेधशाळेत २४ तासांत ९४४ मिलिमीटर पावसाची नोंद झाली. त्या महापुरानंतर खाजणे, कांदळवने व मिठागरे यांचे पाणी सामावून घेण्याचे महत्त्व सार्वजनिक चर्चेत आले. मात्र जमिनीची मागणी कमी झाली नाही. कांजूरमार्ग येथील मिठागराच्या जमिनीवर मेट्रोची कारशेड उभारण्याच्या प्रश्नावर केंद्र व राज्य यांच्यात मालकीचा वाद झाला आणि १६ डिसेंबर २०२० रोजी उच्च न्यायालयाने १०२ एकर जमीन हस्तांतरित करण्याच्या आदेशास स्थगिती दिली. सप्टेंबर २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने धारावी पुनर्विकासातील भाड्याच्या घरांसाठी कांजूर, भांडुप व मुलुंड येथील २५५.९ एकर मिठागर-जमीन घेण्याचा निर्णय केला. आर्थर, जेन्किन्स व जामास्प ही त्या मिठागरांची जुनी नावे कागदोपत्री अद्याप टिकून आहेत. तेथे राबलेल्या मजुरांची नावे मात्र कोणत्याही दस्तऐवजात सहजासहजी सापडत नाहीत.

या चर्चेत दोन्ही बाजूंकडून एकच गृहीतक मांडले जाते. बांधकामाचा पुरस्कार करणारा म्हणतो की जमीन ओसाड पडून आहे. संवर्धनाचा पुरस्कार करणारा म्हणतो की जमीन मूळ निसर्गाची आहे. पहिल्या विधानात खाडी दिसत नाही, दुसऱ्यात माणूस दिसत नाही. ही जमीन ओसाड नाही, कारण ती पाणी साठवते व जीवसृष्टी पोसते. ती मूळ निसर्गाचीही नाही, कारण पिढ्यान्‌पिढ्यांच्या श्रमाने घडविलेल्या तळावर व बांधांवर आजचे वन उभे आहे. मानखुर्दसारख्या विभागात घरांची गरज तीव्र आहे हे नाकारता येत नाही. परंतु ज्यांना यापूर्वी कचराभूमीच्या शेजारी वसविले गेले, त्यांनाच पुन्हा पुराच्या पाण्याच्या वाटेवर वसविणे हा त्या गरजेवरील न्याय्य उपाय म्हणता येणार नाही.

अन्य देशांतील अनुभव येथे मार्गदर्शक ठरू शकतो. अमेरिकेतील सॅन फ्रान्सिस्को उपसागराच्या दक्षिण भागात २००३ मध्ये सुमारे १५,१०० एकर मिठागरे सार्वजनिक मालकीत घेण्यात आली. तेथे काही बांध जाणीवपूर्वक फोडून भरतीला वाट दिली गेली, तर काही तळी पाणपक्ष्यांसाठी मुद्दाम राखली गेली. तेथे दार उघडणे हा विचारपूर्वक घेतलेला निर्णय होता. ठाणे खाडीच्या काठी ते बहुतांशी दुर्लक्षामुळे घडले. मुंबईतही जाणीवपूर्वक जोपासनेचे उदाहरण नाही असे नाही. विक्रोळी येथील गोदरेजच्या जमिनीवरील कांदळवनाची जोपासना १९८० च्या दशकापासून शास्त्रीय पद्धतीने होत आली आहे.

निष्कर्ष

१. मिठागर ही मातीची असली तरी औद्योगिक वास्तूच आहे आणि तिचे अस्तित्व प्रतिवर्षी होणाऱ्या मानवी श्रमावर अवलंबून असते.

२. ठाणे खाडी परिसरातील मिठागरांचा ऱ्हास हवामान व स्पर्धा, प्रदूषण, शासकीय धोरण आणि जमिनीचे वाढते मूल्य यांच्या एकत्रित परिणामातून झाला. मालकीच्या प्रलंबित वादांनी तो पूर्णत्वास नेला.

३. परित्यक्त मिठागरांवरील तिवरांचे वन म्हणजे निसर्गाचे निव्वळ पुनरागमन नव्हे. कोणत्या बांधाची दुरुस्ती केव्हा थांबली, याचा तो जिवंत पुरावा आहे.

४. सध्याची कायदेशीर व्यवस्था तिवरांना संरक्षण देते, परंतु तिवर नसलेल्या मिठागरांना जवळपास असंरक्षित ठेवते. त्यामुळे भरतीची वाट अडविण्यास अप्रत्यक्ष प्रोत्साहन मिळते.

५. मिठागरांच्या भवितव्याविषयीचा कोणताही निर्णय जमीन ‘ओसाड’ आहे या गृहीतकावर न घेता प्रत्येक मिठागराचा स्वतंत्र इतिहास, त्याच्या बांधाची स्थिती व भरतीशी असलेले त्याचे नाते तपासून घेणे आवश्यक आहे.

समारोप

मानखुर्दहून वाशीकडे जाणाऱ्या गाडीच्या खिडकीतून खाडीकाठचे हिरवे वन दिसते. ते अनादी काळापासून तसेच असावे, असा प्रवाशाचा समज होतो. वस्तुतः मुंबईच्या या किनाऱ्यावर अशा हिरव्या पट्ट्याखाली कोठे कोठे वाफ्यांच्या रेषा, फुटलेले बांध आणि कुजलेल्या उघाड्या दडलेल्या आहेत. त्या जागी राबलेल्या पिढ्यांतील मीठ जाणणारी माणसे आता थोडी उरली आहेत. त्यांच्याकडील बांधांची, उघाड्यांची व हंगामांची माहिती वेळीच नोंदविली गेली, तर कोणते दार उघडावे आणि कोणते बंद ठेवावे, हे ठरविताना शहराला तिचा उपयोग होईल. तिवर त्या इतिहासाचा साक्षीदार असले, तरी ती साक्ष वाचून घेण्याचे काम माणसांनाच करावे लागेल.